रिट (उच्च न्यायालयातली याचिका) किंवा दावा मागे घेताना ‘लिबर्टी’, म्हणजे पुन्हा दाद मागायची मुभा, नीट कशी मागायची?

मखमलाबादकर
हा प्रश्न इथे सारखा कुठल्या तरी भलत्याच धाग्यात उगवतो आणि अर्ध्यावर राहतो, म्हणून वेगळा धागा काढतोय. बोलायला सोपं जावं म्हणून दोन नमुने घेऊ.

पहिला. दिंडोरी तालुक्यातली जमीन. हरकत असलेला फेरफार मंडळ अधिकाऱ्यांनी प्रमाणित केला. त्याविरुद्ध प्रांताकडे अपील न करता थेट मुंबई उच्च न्यायालयात रिट. पाच-सहा महिन्यांनी बोर्डावर येतं आणि कोर्ट विचारतं, ‘अपिलाची सोय असताना इथे कशाला आलात?’ वकील म्हणतात, मागे घेतो.

दुसरा. नाशिकच्या दिवाणी न्यायालयात हक्क जाहीर करून मिळण्याचा आणि मनाईचा दावा. वादपत्रात गट नंबर चुकलाय, शिवाय शासन प्रतिवादी असून दाव्याआधी द्यायची कलम ८० ची नोटीस दिलेली नाही.

दोन्हीकडे मागे घेणं शहाणपणाचं दिसतं. पण अर्जात काय लिहायचं, आणि ‘पुढचे हक्क राखून’ हे तीन शब्द राहून गेले तर नेमकं काय बिघडतं? कलमांसकट लिहा. ‘चांगला वकील गाठा’ हा प्रतिसाद नको, तेवढं सगळ्यांना कळतं.

रोजनामा
दोन्ही नमुने एका पिशवीत घालू नका, सगळा घोळ तिथूनच सुरू होतो. दाव्याला दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३ नियम १ थेट लागतो. रिटला तो जसाच्या तसा लागत नाही, त्यामागचं तत्त्व लागतं.

आधी दावा. नियम १(१) प्रमाणे वादी आपला दावा, किंवा दाव्याचा काही भाग, सगळ्या किंवा काही प्रतिवादींविरुद्ध कधीही सोडून देऊ शकतो. त्याला कोणाची परवानगी लागत नाही. मात्र परवानगीशिवाय सोडला तर नियम १(४) येतो: त्याच विषयवस्तूबद्दल पुन्हा दावा आणता येत नाही, वर खर्चही बसू शकतो. नव्याने दावा आणायची मुभा हवी असेल तर नियम १(३) खाली कोर्टाचं समाधान करावं लागतं, एकतर तांत्रिक दोषामुळे दावा पडणारच आहे, किंवा नवा दावा आणू द्यायला दुसरं पुरेसं कारण आहे.

तांत्रिक दोष म्हणजे दाव्याच्या गुणदोषाला हात न लावणारा दोष. कलम ८० ची नोटीस नसणं, मूल्यांकन चुकणं, कोर्ट फी कमी पडणं, मिळकतीच्या वर्णनात गोंधळ, पक्षकार जोडण्यात चूक. २०१७ च्या व्ही. राजेंद्रन निकालात सर्वोच्च न्यायालयाने हीच उदाहरणं दिली आहेत, आणि त्या प्रकरणातही भानगड सर्व्हे नंबरचीच होती. म्हणजे तुमचा दुसरा नमुना चपखल बसतो. पुरावा जमला नाही, साक्षीदार उलटला, उलटतपासात दांडी उडाली, हे तांत्रिक दोष नव्हेत. असली भोकं बुजवायला परवानगी मागितली तर नामंजूर होते आणि व्हायलाच हवी.

आता रिट. १९८७ साली छापून आलेला सरगुजा ट्रान्सपोर्टचा निकाल मूळ धरायचा. नव्या रिटची परवानगी न घेता रिट मागे घेतलं, तर त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात दुसरं रिट चालत नाही. मात्र त्याच निकालात हेही स्वच्छ म्हटलंय की दावा किंवा अनुच्छेद ३२ (थेट सर्वोच्च न्यायालयात जाणं) असे दुसरे मार्ग त्यामुळे बंद होत नाहीत, कारण मागे घेणं म्हणजे निवाडा नव्हे आणि तिथे पूर्वन्याय (एकदा निवाडा झालेला वाद पुन्हा उघडता येत नाही, हा नियम) लागत नाही.

थोडक्यात, दिंडोरीच्या माणसाचं प्रांताकडचं अपील लिबर्टी न मागतासुद्धा जिवंत आहे. तरी मागायचीच. का, ते इथे कोणीतरी मुदतीचा प्रश्न विचारेलच तेव्हा लिहितो.

सीबीएस_सिग्नल
रोजनामा साहेबांनी पाया घातला, मी खालच्या कोर्टातलं व्यवहाराचं सांगतो.

सगळ्यात मोठा घात करते ती पुरसिस. ‘वादीस सदर दावा चालविणे नाही, सबब दावा काढून टाकावा’ अशी दोन ओळींची पुरसिस, खाली सही, आणि रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या नोंदीत, ‘पुरसिसप्रमाणे दावा निकाली’. झालं, नियम १(४) चा दरवाजा लागला. पुरसिस म्हणजे कोर्टाला दिलेली माहिती. परवानगी मागायची असेल तर अर्ज लागतो, त्याला निशाणी नंबर पडतो, समोरच्याचं म्हणणं येतं, मग आदेश होतो.

अर्जाचा मजकूर साधारण असा ठेवायचा:

‘वादपत्रात दावा मिळकतीचा गट क्रमांक अमुक ऐवजी तमुक नमूद झाला आहे व त्यामुळे चतुःसीमा जुळत नाहीत. तसेच प्रतिवादी क्र. ३ शासन असून दि. प्र. सं. कलम ८० ची नोटीस देण्याची राहून गेली आहे. सदर दोष तांत्रिक स्वरूपाचे असून त्यामुळे दावा निष्फळ होण्याचा संभव आहे. सबब आदेश २३ नियम १(३) अन्वये, त्याच विषयवस्तूबाबत व त्याच वादकारणावर नव्याने दावा दाखल करण्याची मुभा देऊन सदर दावा मागे घेण्याची परवानगी व्हावी. परवानगी नामंजूर झाल्यास दावा गुणदोषावर चालविण्यात यावा.’

शेवटचं वाक्य गाळू नका. अर्ज अखंड असतो. परवानगी देऊन मागे घेऊ द्या, नाहीतर अर्ज फेटाळा आणि दावा चालू ठेवा. ‘मागे घेतला, परवानगी मात्र नाही’ अशी अर्धी फोड वादीवर लादता येत नाही, हे अनेक उच्च न्यायालयांनी मानलंय. पण अर्जात ते वाक्य असलं की तो वाद उभाच राहत नाही.

दोष मोघम लिहू नका. ‘काही तांत्रिक अडचणींमुळे’ एवढ्यावर दिलेली परवानगी वर टिकत नाही. कोणता दोष आणि त्याने दावा कसा पडतो, हे आदेशातही उमटायला हवं. ते अर्जात नसेल तर आदेशात कुठून येणार?

द्राक्षबाग
एक शंका. गट नंबर चुकला तर मागे कशाला घ्यायचा? दुरुस्ती अर्ज देऊन मोकळं होता येत नाही का?

सीबीएस_सिग्नल
येतं, आणि फक्त गट नंबरच असेल तर तेच करा. आदेश ६ नियम १७. मुद्दे निघून पुरावा सुरू व्हायच्या आत दिलात तर सहसा अडचण येत नाही. पुरावा सुरू झाल्यावर परंतुक आडवं येतं: योग्य ती काळजी घेऊनही आधी का सुचलं नाही, ते दाखवावं लागतं.

पण कलम ८० ची नोटीस दुरुस्तीने मागे जाऊन देता येत नाही. नोटीस देऊन दोन महिने थांबून मगच दावा, हा नियम. तातडीचा दिलासा हवा असेल तर ८०(२) खाली परवानगी घेऊन नोटिशीविना दाखल करता येतो, पण ती परवानगी दाखल करतानाच मागायची असते. म्हणून वरच्या नमुन्यात मागे घेणंच बरं.

महापालिका प्रतिवादी असेल तर महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ४८७ ची एक महिन्याची नोटीस. तिला कलम ८० समजून दोन महिने थांबणाऱ्यांचा वेळ फुकट जातो, आणि उलट शासनाला एकच महिना देणाऱ्यांचे दावे पडतात.

पिंपळगाव_चौफुली
लिबर्टी मिळाली की मुदत त्या तारखेपासून नव्याने मोजायची ना? म्हणजे प्रांताकडे अपिलाला आदेशापासून ६० दिवस?

रोजनामा
नाही! हाच गैरसमज सगळ्यात महागात पडतो. लिबर्टीने घड्याळ मागे फिरत नाही.

दाव्यासाठी आदेश २३ नियम २ वाचा. परवानगी घेऊन नवा दावा आणला तरी मुदत अशी मोजायची, जणू पहिला दावा झालाच नव्हता. पहिल्या दाव्यात तीन वर्षं गेली आणि वादकारणाची मुदतही तीन वर्षांचीच असेल, तर हातात परवानगी आणि समोर मुदतबाह्य दावा.

सुटका आहे ती मुदत कायद्याच्या कलम १४ मध्ये. पहिली कार्यवाही सद्भावनेने आणि नेटाने चालवली असेल, विषय तोच असेल, आणि अधिकारक्षेत्राचा दोष किंवा तशाच स्वरूपाच्या कारणाने ते कोर्ट ती ऐकू शकत नसेल, तर तेवढा काळ वजा होतो. कलम १४(३) तर आदेश २३ च्या परवानगीचा थेट उल्लेख करतं, पण परवानगी अशाच कारणासाठी दिलेली असली पाहिजे. चुकलेला गट नंबर अधिकारक्षेत्राचा दोष नाही. तिथे कलम १४ च्या भरवशावर राहू नका. नोटिशीचे दोन महिने मात्र कलम १५(२) खाली वेगळे वजा मिळतात.

महसुली अपिलाचं गणित करून दाखवतो, तारखा नमुन्याच्या आहेत. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम २४७ अपिलाचं, कलम २५० मुदतीचं: जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध ६० दिवस, बाकी ९०.

मंडळ अधिकाऱ्यांचा आदेश मिळाला १० जानेवारी २०२५. साध्या मोजणीने शेवटचा दिवस ११ मार्च. रिट दाखल १४ फेब्रुवारी. म्हणजे ११ जानेवारी ते १३ फेब्रुवारी असे ३४ दिवस वापरून झाले, २६ उरले. रिट मागे घेतलं १८ ऑगस्टला. कलम १४ च्या स्पष्टीकरणाप्रमाणे दाखल केल्याचा आणि संपल्याचा, दोन्ही दिवस वजावटीत धरायचे. म्हणून १९ ऑगस्टपासून २६ दिवस, शेवटचा दिवस १३ सप्टेंबर. तो दुसरा शनिवार, कार्यालय बंद, म्हणून सोमवार १५ सप्टेंबर. उच्च न्यायालयाच्या आदेशाची प्रत कधी हातात आली याच्याशी या मोजणीचा संबंध नाही. प्रत मिळाल्यापासून ६० दिवस धरून बसलेला माणूस इथे सरळ बुडतो.

आणि रिट दाखल केलं तेव्हाच ६० दिवस उलटून गेले असतील तर वजा करायला काहीच शिल्लक नाही. मग संहितेच्या कलम २५१ खाली विलंबाचं कारण देऊन अर्ज.

कोणी म्हणेल, कलम १४ कोर्टांसाठी आहे, प्रांताधिकारी कोर्ट कुठे? एम. पी. स्टील, २०१५. मुदत कायदा थेट लागू नसलेल्या अर्धन्यायिक अधिकाऱ्यापुढेही कलम १४ चं तत्त्व धरायला त्या निकालाचा आधार मिळतो.

मखमलाबादकर
हे गणित मोलाचं आहे. मग उच्च न्यायालयाच्या आदेशात नेमकं काय मागायचं, की प्रांताच्या टेबलावर मुदतीचा वादच येऊ नये?

निशाणी_पाच
चार गोष्टी मागायच्या आणि चारही आदेशात उतरल्यात का ते पाहायचं.

मार्ग नावानिशी. नुसतं ‘कायद्याने उपलब्ध उपाय योजण्याची मुभा’ असेल तर त्याने नवं काही मिळत नाही. होतं तेवढंच राहतं, आणि जो उपाय तुम्हाला लागूच नाही तो त्या वाक्याने उपलब्ध होत नाही. ‘कलम २४७ खाली अपील’ असं म्हणून घ्या.

मुदत. ‘चार आठवड्यांत अपील दाखल झाल्यास रिट प्रलंबित असलेला काळ विचारात घ्यावा’ किंवा त्याहून भक्कम म्हणजे ‘विलंबाचा मुद्दा न घेता गुणदोषावर निर्णय द्यावा’. दुसरं वाक्य सहसा समोरच्याच्या वकिलाची हरकत नसेल तरच मिळतं. विचारायला काय जातं. मात्र जिथे कायद्यानेच वरची मर्यादा घातलीय तिथे कोर्टही तसं लिहून द्यायला राजी नसतं.

सर्व मुद्दे खुले. सुनावणीत न्यायमूर्ती बोलता बोलता मत मांडतात आणि कधी ते आदेशात चार ओळींनी उतरतं. ‘गुणदोषावर कोणतंही मत व्यक्त केलेलं नाही, दोन्ही बाजूंचे सर्व मुद्दे खुले’ हे नसेल तर प्रांतासमोर समोरचा त्याच चार ओळी वाचून दाखवतो.

अंतरिम संरक्षण. हे लोक हमखास विसरतात. रिट गेलं की त्यातला ‘जैसे थे’चा आदेशही गेला. अपील दाखल करून तिथे स्थगिती मिळेपर्यंत मधले दिवस उघडे. म्हणून ‘आधीचा अंतरिम आदेश आणखी चार आठवडे चालू राहील’ अशी विनंती त्याच श्वासात करायची. आदेश लिहून झाल्यावर आठवून उपयोग नाही.

वेळही साधावी लागते. कोर्टाने पर्यायी उपायाचा प्रश्न विचारला की तिथेच मागे घ्या. अर्धा तास गुणदोषावर युक्तिवाद करून, निकाल विरुद्ध जातोय असं दिसल्यावर मागे घ्यायला गेलात तर परवानगी नाकारली जाऊ शकते, खर्चही बसतो.

रोजनामा
निशाणी_पाच यांच्या चौथ्या मुद्द्याला जोड. दाव्यात हे उघडे दिवस जास्त धोक्याचे, कारण मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२. दावा चालू असताना प्रतिवादीने जमीन विकली तर घेणारा दाव्याच्या निकालाला बांधील. दावा मागे घेतला की ते कवच संपलं. मधल्या दिवसांत खरेदीखत झालं तर नव्या दाव्यात खरेदीदाराला पक्षकार करा, तो म्हणणार मी प्रामाणिक खरेदीदार, आणि एका साध्या दाव्याचा तिढा होतो.

म्हणून नवं वादपत्र, सही, प्रतिज्ञापत्र, कोर्ट फी, गाव नमुना सात-बारा आणि आठ-अ चे ताजे उतारे हे सगळं आधी तयार. कलम ८० ची नोटीससुद्धा जुना दावा चालू असतानाच पाठवून दोन महिने उलटू द्या, आणि मगच मागे घ्यायचा अर्ज. मागे घेतल्यानंतर नोटीस दिली तर दोन महिने उघड्यावर. क्रम एवढाच, पण उलटा करणारेच जास्त.

गंगापूररोड_सोसायटी
गृहनिर्माण संस्थांचं थोडं वेगळं. सभासद आणि संस्था यांचा संस्थेच्या कामकाजाबद्दलचा वाद बहुतेक वेळा सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातो. लोक दिवाणी कोर्टात जातात आणि पहिल्याच तारखेला अधिकारक्षेत्राची हरकत येते. इथे मागे घेण्यापेक्षा आदेश ७ नियम १० खाली वादपत्र परत मागावं, योग्य न्यायालयात दाखल करण्यासाठी. नियम १०-अ खाली पुढच्या न्यायालयातली हजर राहायची तारीखही ठरवून घेता येते, म्हणजे समन्स बजावणीत पुन्हा सहा महिने जात नाहीत. ती तरतूद आहे दिवाणी कोर्टांपुरती, पण कोर्टाला विनंती करायला हरकत नाही. शिवाय ‘अधिकारक्षेत्र नाही’ असं न्यायालयानेच लिहिलेलं असतं, कलम १४ ला त्याहून चांगला कागद नाही.

काम मात्र नव्याने सुरू होतं. जुना पुरावा तिकडे आपोआप चालत नाही.

संस्थेविरुद्ध तिच्या कामकाजाबद्दल दिवाणी दावाच करायचा असेल तर कलम १६४ ची निबंधकांना दोन महिन्यांची नोटीस. ती राहिली म्हणून वादपत्र आदेश ७ नियम ११ खाली नाकारलं गेलं तर घाबरू नका. नियम १३ प्रमाणे वादपत्र नाकारलं जाणं नव्या वादपत्राला अडवत नाही. गंमत अशी की, न विचारता मागे घेतलेल्या दाव्यापेक्षा नाकारलेल्या वादपत्राचा माणूस बऱ्या जागी असतो.

द्राक्षबाग
पतसंस्थेच्या वसुलीबद्दल कोणी लिहाल का? सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १०१ चा वसुली दाखला निघाला की आमच्या निफाडकडे लोक सरळ रिट करतात.

गंगापूररोड_सोसायटी
का करतात ते उघड आहे, भाऊ. कलम १५४ खाली विभागीय सहनिबंधकांकडे पुनरीक्षण करायचं तर १५४(२-अ) प्रमाणे एकूण वसूलपात्र रकमेच्या ५० टक्के आधी भरावे लागतात. ते चुकवायला रिट. उच्च न्यायालय म्हणतं, पुनरीक्षण आहे ना, तिकडे जा. मग लिबर्टी घेऊन मागे घेतात आणि सहनिबंधकांकडे येऊन म्हणतात, उच्च न्यायालयाने पाठवलंय, रक्कम कशाला?

भरावीच लागते. लिबर्टी म्हणजे त्या मार्गाच्या अटींतून सूट नव्हे. १२ लाखांचा दाखला असेल तर ६ लाखांची तजवीज आधी, मग मागे घ्यायचं. नाहीतर रिटही गेलं, पुनरीक्षणही दाखल होत नाही, आणि वसुली अधिकारी जप्तीची नोटीस घेऊन दारात.

बँकेच्या सरफेसी कारवाईतही (तारण मालमत्ता ताब्यात घेऊन वसुली) तेच. कलम १७ खाली कर्ज वसुली न्यायाधिकरणात ४५ दिवस. २०१० च्या सत्यवती टंडन निकालानंतर अशी रिटं फारशी टिकत नाहीत. कलम १७ च्या अर्जाला आगाऊ रक्कम लागत नाही, कलम १८ च्या अपिलाला ५० टक्के लागते, ती अपिलीय न्यायाधिकरण २५ पर्यंत खाली आणू शकतं. ४५ दिवसांतले किती उरलेत ते रिट मागे घ्यायच्या आधी मोजा.

पिंपळगाव_चौफुली
चेक बाउन्सची फौजदारी फिर्यादही अशीच लिबर्टी घेऊन मागे घेता येते का? कलम १३८ ची फिर्याद चुकीच्या तारखा टाकून दाखल झाली असेल तर?

निशाणी_पाच
थांबा, तिकडे हा हिशेब लावू नका. समन्स खटल्यात फिर्यादीने फिर्याद मागे घेतली की आरोपी निर्दोष सुटतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम २५७, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम २८०. एकदा निर्दोष सुटला की त्याच चेकवर पुन्हा फिर्याद नाही. दिवाणी वसुलीचा दावा मुदतीत असेल तर तो राहतो, पण ती वेगळी वाट. आदेश २३ फौजदारीत नाही.

सीबीएस_सिग्नल
सह्यांबद्दल कोणीच बोललं नाही, म्हणून.

आदेश २३ नियम १(५): एका वादीला बाकीच्या वादींच्या संमतीशिवाय दावा मागे घेता येत नाही. भाऊ-बहिणींचा दावा असेल तर अर्जावर सगळ्यांच्या सह्या. वादी अज्ञान (वयाने लहान) असेल तर नियम १(१) च्या परंतुकाप्रमाणे सोडून द्यायलाही कोर्टाची परवानगी. कुलमुखत्यार सही करणार असेल तर कुलमुखत्यारपत्रात ‘दावा मागे घेणे’ स्पष्ट लिहिलेलं हवं, ‘दाव्याचे कामकाज पाहणे’ यात ते येतंच असं नाही. वकीलपत्रात अधिकार असला तरी पक्षकाराची सही अर्जावर असावीच, पुढे ‘मला माहीतच नव्हतं’ हा वाद नको.

वाटपाचा दावा असेल तर आणखी सांभाळून. त्यात प्रत्येक जण वादीही असतो आणि प्रतिवादीही. प्राथमिक हुकूमनामा झाला की इतरांचेही हिस्से ठरले, मग एकट्या वादीला तो गुंडाळता येत नाही. आधी मागे घ्यायला गेलात तरी एखादा प्रतिवादी नियम १-अ खाली ‘मला वादी करा’ म्हणू शकतो.

मखमलाबादकर
आणि आदेशात लिबर्टीचं वाक्यच राहिलं तर? कोर्टात मागितली होती, वेबसाइटवर आदेश आला तर नुसतं ‘मागे घेतल्याने निकाली’.

रोजनामा
म्हणून आदेश वेबसाइटवर चढला की त्याच दिवशी वाचायचा. मागितलेली आणि दिलेली गोष्ट टंकनात राहिली असेल तर मुंबई उच्च न्यायालयात ‘स्पीकिंग टू द मिनिट्स’साठी प्रिसिपी (छोटी लेखी विनंती) द्यायची, त्याच न्यायमूर्तींसमोर. ती दुरुस्तीची सोय आहे, नवं काही मागायची नाही. लिबर्टी मागितलीच नव्हती तर तिथे मिळणार नाही, स्वतंत्र अर्ज करावा लागेल. आठवण ताजी असताना दिली तर दोन मिनिटांत होतं, तीन महिन्यांनी दिली तर कोर्ट विचारतं इतके दिवस काय केलं.

खालच्या कोर्टात लेखनचूक असेल तर कलम १५२. मागे घेण्याचा अर्ज दिलाय पण आदेश व्हायचाय, तर तो अर्जच मागे घेता येतो: राजेंद्र प्रसाद गुप्ता, २०११. आदेशही होऊन गेला असेल आणि काही खरोखर गफलत झाली असेल, तर कलम १५१ खाली तो परत घ्यायचा अधिकार कोर्टाला आहे: जेट प्लायवूड, २००६. या दोन वाटा आहेत म्हणून निवांत राहू नका, दोन्ही कोर्टाच्या मर्जीच्या आहेत.

द्राक्षबाग
अपिलात असताना मागे घेता येतो का?

रोजनामा
काय मागे घेताय ते आधी ठरवा. अपील मागे घेतलं तर खालचा हुकूमनामा कायम, तोच अंतिम. अपिलात असताना मूळ दावाच मागे घ्यायची परवानगी मागितली तर त्याचा अर्थ, विरुद्ध गेलेला निकाल पुसून पाटी कोरी करून द्या. समोरच्याने जिंकलेलं असं सहज काढून घेता येत नाही. २००० च्या के. एस. भूपती निकालात सर्वोच्च न्यायालयाने इथे फार जपून चालायला सांगितलंय. आणि सर्वोच्च न्यायालयातली विशेष अनुमती याचिका परवानगीशिवाय मागे घेतली तर त्याच आदेशावर दुसरी येत नाही: उपाध्याय आणि कंपनी, १९९९.

गंगापूररोड_सोसायटी
नव्या अपिलात किंवा दाव्यात जुन्याचा उल्लेख करायचाच. क्रमांक, कोणत्या कोर्टात, कधी दाखल, कधी मागे, आदेशाची प्रत सोबत. लपवलं तर समोरचा ई-कोर्ट्सवरून पाच मिनिटांत काढतो, आणि मग अपील राहतं बाजूला, तुम्ही सत्य दडवलं यावरच सुनावणी होते.

परवानगी खर्च भरण्याच्या अटीवर मिळाली असेल तर नवा दावा दाखल करण्याआधी खर्च भरून पावती घ्या. आधी दावा, मग खर्च, असं केलं की समोरच्याला फुकटचा मुद्दा मिळतो.

पिंपळगाव_चौफुली
जुन्या दाव्यात मूळ खरेदीखत दाखल आहे. ते नव्यात लागणार. कसं काढायचं?

सीबीएस_सिग्नल
आदेश १३ नियम ९ खाली कागद परत मिळण्याचा अर्ज. त्याजागी प्रमाणित नक्कल ठेवायची आणि पुढे मागितल्यास मूळ कागद हजर करण्याची हमी लिहून द्यायची. दावा निकाली निघाल्यावर फाईल रेकॉर्डला जमा होते, मग ती वर काढून घेण्यातच वेळ जातो. म्हणून हा अर्ज मागे घेण्याच्या अर्जासोबतच द्या, दोन्हीवर त्याच दिवशी आदेश घ्या. आणि नकलेचे अर्ज दोन टाका: एक खरेदीखताचा, दुसरा मागे घेण्याच्या अर्जाचा त्यावरच्या आदेशासकट. नव्या दाव्याला नुसता आदेश पुरत नाही. कोणत्या दोषासाठी परवानगी मागितली होती ते अर्जातच असतं.